कोणीच न बोलावलेली साक्षीदार

सोमवार, ११ मार्च

ताई, सप्रेम नमस्कार.

माझं अक्षर ओळखून पाकीट तसंच ठेवून देशील, म्हणून पत्ता दुसऱ्याकडून घालून घेतला. गुडघा कसा आहे? जिना चढायला मनाई आहे, हे तुझ्या वकिलांकडून कळलं. इकडे ठीक. गच्चीची गळती काढली. तुझ्या खोलीतलं काही हलवलेलं नाही.

आज कोर्टात जे झालं ते वकील कळवतीलच. पण माझ्याकडूनही ऐक.

बाबांनी घर माझ्या एकट्याच्या नावे केलं, त्या मृत्युपत्रावरच्या साक्षी मागच्या महिन्यात संपल्या होत्या. न्यायाधीश बाई अंगाने एवढ्याशा, सर्दीने बेजार. मागच्या तारखेला बाबांच्या औषधांचा तक्ता चाळता चाळता थांबल्या.

"प्रत्येक पानाखाली या नर्सची सही आहे. ही बाई कुठाय?"

माझे वकील म्हणाले, "आम्हाला तिला तपासायचं नाही." तुझे म्हणाले, "आमच्याही यादीत नाही."

"तुम्हाला नसेल. मला ऐकायचंय." आणि समन्स काढलं.

आमच्या यादीत तिचं नाव पहिलं होतं. ती गाव सोडून गेली असं सांगून मीच ते खोडायला लावलं. ती दोन गल्ल्या सोडून राहते, ताई.

आज नर्सबाई आल्या. न्यायाधीश बाईंनी स्वतः विचारलं, "मृत्युपत्र झालं त्या दिवशी ते माणसं ओळखत होते?"

"मुलाला डॉक्टर समजत होते. मला तीनदा विचारलं, 'लेक आली का?'"

"सही केली तेव्हा तुम्ही होता?"

"नाही. मला औषध आणायला पाठवलं. औषध घरात होतं."

मग न्यायाधीश बाई माझ्याकडे वळल्या. "तुमची साक्ष झालीय. पण पुन्हा उभं करायचा अधिकार मला आहे. या."

वकिलांनी माझी बाही ओढली. मी गेलो.

"त्या दुपारी खोलीत काय झालं?"

एवढंच. आवाज चढवला नाही, दरडावलं नाही. पेन खाली ठेवून थांबल्या. ताई, एवढी सत्ता हातात, आणि ती सगळी एका माणसाचं खरं ऐकून घ्यायला वापरायची! असं मी जन्मात पाहिलं नव्हतं. देवळातही माझी मान कधी अशी आपोआप खाली गेली नाही.

मी सांगितलं. पेन बाबांच्या बोटांत मी धरवलं, फिरवलंही मीच. ते म्हणाले, "डॉक्टर, हे कशाचं?" मी म्हटलं, "औषधाचं."

बाईंनी शब्दन् शब्द उतरवून घेतला, मला वाचून दाखवला. "बरोबर?"

"बरोबर."

निकाल सव्वीस तारखेला आहे. तो काय लागेल हे उघड आहे, आणि लागावा. माफी मागायला तोंड नाही, म्हणून मागत नाही.

एक गोष्ट मात्र कोर्टाने विचारली नाही. त्याच संध्याकाळी तू आलीस, आणि "बाबा झोपलेत" म्हणून मी तुला दारातूनच परत पाठवलं.

ते जागे होते, ताई.

तुझा म्हणवून घ्यायचा हक्क गमावलेला,
धाकटा