हद्दीवरचा बाक

३ फेब्रुवारी

नोटीस आली. साऱ्या गावाची नवी मोजणी! पिवळा कागद, दारावर खळ लावून चिकटवलाय, आता निघता निघायचा नाही. आपापल्या हद्दीवर हजर राहा, हद्द दाखवा, सही करा. ठरलेल्या हद्दीवरून नवं गटार जाणार.

हे असते तर चारदा वाचून चुका काढत बसले असते. मी एकदाच वाचली. एक चूक मलाही सापडली.

४ फेब्रुवारी

नीट लिहून काढते, म्हणजे डोक्यात गोंधळ राहणार नाही.

आमचं घर आणि शेजारचं घर यांच्यामध्ये तीन हातांचा पट्टा आहे. त्यात आमच्या भिंतीला लागून एक बाक, बाकाशेजारी अंजिराचं झाड. पट्टा आमचा असेल तर हद्द शेजाऱ्यांच्या भिंतीशी, गटारही तिकडून जाईल. पट्टा त्यांचा असेल तर हद्द आमच्या भिंतीशी. म्हणजे बाक जाणार, झाड जाणार.

एकतीस वर्षं हे रोज संध्याकाळी त्या बाकावर बसले. मोजणी खात्यातून आले की बूट न काढता थेट तिथेच. डिसेंबरात दवाखान्यात नेलं त्या दिवशीही आधी पाच मिनिटं बसून घेतलं. गाडीवाला हॉर्न वाजवतोय, मी पिशव्या घेऊन उभी, आणि हे म्हणतात, "आलोच." परत आले नाहीत ते नाहीतच.

मला बाक हवा आहे. दुसरं काही नको.

५ फेब्रुवारी

लॅबमध्ये दिवसभर मुळ्याचं बी. शंभर बिया ओल्या कागदावर मांडायच्या, ठरल्या दिवशी किती उगवल्या ते लिहायचं. बावीस वर्षं हेच करते. आज एकाहत्तर उगवल्या. पाकिटावर पंच्याऐंशी छापलंय. शेजारच्या टेबलावरची म्हणाली, "ऐंशी लिही की, कोण बघतंय!"

एकाहत्तर लिहिले.

घरी जाऊन ह्यांना सांगावं असं वाटेत ठरवलं. दाराशी आल्यावर लक्षात आलं.

७ फेब्रुवारी

शेजारी म्हणजे सरकार. हे नाव ह्यांनीच ठेवलेलं. सगळी गल्ली आता तेच म्हणते, आणि ते स्वतःही त्याला ओ देतात.

त्यांच्या मूळ पुरुषाला राजाने लढाईनंतर टेकडीपासून नदीपर्यंत सगळी जमीन दिली. लढाईत त्याने नेमकं काय केलं यावर दोन मतं. सरकार म्हणतात, राजाचा जीव वाचवला. हे म्हणायचे, राजा पळून जाताना घोडा धरून ठेवला. मग रस्ता आला. रस्त्याला बाजार, बाजाराला दुकानं, दुकानदारांना घरं. सरकारांच्या पणजोबांनी नदीकाठ कातड्याच्या कारखान्याला विकला, आजोबांनी माळ स्टेशनाला, वडिलांनी उरलंसुरलं, शाळेपासून पाण्याच्या टाकीपर्यंत. सरकारांच्या वाट्याला हे एक घर, आणि त्याच्या पुढच्या खोलीत त्यांनी थाटलेलं कुलूप-किल्लीचं दुकान.

हे म्हणायचे, "काय बदललं, सरकार? आधी गावातली सगळी दारं तुमची, आता सगळ्या किल्ल्या तुमच्या."

सरकार कानस थांबवून म्हणायचे, "मोजणीदार, तुमच्या घराची किल्ली मी मुद्दाम वाकडी करीन."

केली पण! आमचं मागचं दार अजून दोनदा फिरवल्याशिवाय उघडत नाही.

८ फेब्रुवारी

भांडण या पट्ट्यावरूनच. साडेसहाला सुरू, साडेसातला बंद. मी आत भाजी चिरत ऐकायची. शब्दसुद्धा ठरलेले.

"पट्टा आमचा!"
"कागद दाखवा."
"कागद कसला मागता, रक्त आहे!"
"रक्ताला साखळी लावता येत नाही, सरकार."

मोजणीची साखळी म्हणजे ह्यांचा जीव की प्राण. तिनेच मोजून ह्यांनी एक शोध लावला होता. गाव वसवताना सरकारांच्या त्या मूळ पुरुषाने घरांच्या जागा स्वतः पावलांनी मोजून दिल्या. एका घराला वीस पावलं रुंदी. सुरुवात वरच्या आळीपासून, सकाळी सकाळी, तरतरीत. तिथली घरं ऐसपैस. मधली आळी दुपारी, जेवण करून. तिथली जरा आखडली. आमची नदीकडची आळी शेवटची, उन्हं उतरताना. म्हणून आमच्या न्हाणीघरात पाठ घासायला गेलं की कोपर भिंतीला लागतं! ह्यांनी तिन्ही आळ्या रविवारी रविवारी मोजल्या आणि सरकारांना जाऊन सांगितलं, सकाळचं पाऊल आणि संध्याकाळचं पाऊल यात चार बोटांचा फरक आहे.

"आमचे पूर्वज दमत नसत!"
"मग लंगडत असतील."

तीन दिवस अबोला. चौथ्या दिवशी साडेसहाला दोघं हजर.

९ फेब्रुवारी

सरकार डिसेंबरपासून संध्याकाळी बाहेर येत नाहीत. दुकान मात्र वेळेवर उघडतात.

१२ फेब्रुवारी

मुलीचा फोन. मोजणीचं सांगितलं. कितीतरी वेळ हसत होती.

"आई, तू भांडणार? तू? भाजीवालीला 'महाग आहे' म्हणायलासुद्धा तू बाबांना पाठवायचीस!"

खरं आहे. भाजीवाली ह्यांना बघून भाव चढवायची, हेही खरं आहे.

मग म्हणाली, "बाबांच्या वह्या काढ. एवढं गाव मोजलं, आपलं घर नसेल का मोजलं? पुरावा असणारच."

हे मला कसं सुचलं नाही!

१५ फेब्रुवारी

ट्रंक उघडली. त्रेचाळीस वह्या. ऊन लागून वाकलेल्या, काहींवर चिखलाचे अंगठे. डावीकडे आकडे, उजवीकडे आकडे, मधून हद्दीची रेषा. आणि कडेला पेन्सिलीने बारीक बारीक काहीतरी. साहेबांनी कधी वाचलं नसेल, नाहीतर नोकरी गेली असती.

"मालक भिंतीवर चढून ओरडतो आहे. भिंत पाच फूट दोन. मालक पाच फूट एक."

"दोन भावांची हद्द. दोघांनी दगड रात्रीतून सरकवला. दोघांनी उलट दिशेने. दगड जागेवरच."

हसले. घरात माझाच आवाज ऐकून दचकले.

१६ फेब्रुवारी

आणखी अकरा वह्या. आमचं घर नाही. एका पानावर माझी वाणसामानाची यादी, माझ्याच अक्षरात. उलट्या बाजूला त्यांनी कातड्याच्या कारखान्याचं फाटक मोजलंय. साबण आणायला विसरले होते ते बहुतेक यामुळेच.

१८ फेब्रुवारी

सापडलं.

आम्ही इथे राहायला आलो त्याच वर्षाची वही. आमचं घर, सरकारांचं घर, मधला पट्टा. दोन्हीकडून मोजलेलं, दोनदा ताडून पाहिलेलं, खाली दुहेरी रेघ. पट्टा तीन हात एक बोट. शेजाऱ्यांचा. सगळाच्या सगळा.

कडेला पेन्सिलीने: "जाऊन सांगितलं. म्हणाले, गप्प बसा. आमच्याशी हद्दीवरून भांडायला चाळीस वर्षांत कोणी आलेलं नाही, आमच्याकडे हद्दच उरली नाही म्हणून. उद्या साडेसहाला या."

एकतीस वर्षं! मी आत भाजी चिरत दोघांच्या रक्तदाबाची काळजी करत होते. एकदा तर सरकारांच्या दारात जाऊन माफी मागून आले होते, "ह्यांचं मनावर घेऊ नका." तेव्हा ते गंभीर चेहऱ्याने म्हणाले होते, "वहिनी, तुमच्याकडे बघून सोडून देतो." लबाड!

आणि हे! मला एका शब्दाने बोलले नाहीत. का नाही सांगितलं?

१९ फेब्रुवारी

पान फाडावं असं मनात आलं. कोणाला कळलं नसतं. सरकार सांगणार नाहीत, हे सांगू शकत नाहीत.

वही मिटली. उघडली. मिटली.

एकाहत्तर म्हणजे एकाहत्तर.

२१ फेब्रुवारी

बाकावर बसून पाहिलं. एकतीस वर्षांत पहिल्यांदा. डावीकडची फळी हलते. कधी बोलले नाहीत.

अंजिराला बारीक पालवी.

२४ फेब्रुवारी

मोजणी झाली. सगळं लिहून ठेवते.

तिपाईवर यंत्र घेऊन एक मुलगी आली. साखळी नाही, काही नाही, नुसतं डोळा लावून बघायचं. म्हणाली, "काकू, मी सरांच्या हाताखाली शिकले." एवढंच म्हणून यंत्राचे स्क्रू आवळत बसली. मला ते बरं वाटलं. सरकार वरच्या गुंडीपर्यंत कोट लावून आले होते. ती त्यांना "काका" म्हणाली, तेव्हा त्यांचा चेहरा बघण्यासारखा झाला.

"हा मधला पट्टा कोणाचा?"

वही पिशवीत होती. मी म्हटलं, "ह्यांचा. सरकारांचा."

सरकार म्हणाले, "मुळीच नाही. वहिनींचा आहे."

मुलीने पेन खाली घेतलं. "काका, नोटीस वाचलीत ना?"

"वाचली. तिच्यात एक चूक आहे."

"आठ महिने गावोगाव मोजतेय, लोक माझ्यासमोर बोटभर जागेसाठी एकमेकांचं घराणं उद्धारतायत. आणि तुमचं इथे काय चाललंय?"

मी वही काढून पान उघडून दिलं. सरकारांनी वहीकडे बघितलंसुद्धा नाही. म्हणाले, "हे मोजणीदारांचं अक्षर नव्हे."

"मी ओळखते सरांचं अक्षर," मुलगी म्हणाली.

"मग मोजणी चुकली असेल. जेवण झालं की त्यांचं चुकायचं. पाऊल छोटं पडायचं."

"ह्यांची मोजणी आयुष्यात कधी चुकलेली नाही!"

हे मी म्हटलं. म्हटलं कसलं, ओरडले! समोरच्या पावाच्या दुकानात रांगेतली माणसं वळून बघायला लागली. "दोनदा ताडलंय! खाली दुहेरी रेघ आहे! जागा तुमची आहे, मुकाट्याने घ्या!"

"घेणार नाही! आमच्या घराण्यात दिलेली जमीन परत घ्यायची रीत नाही!"

"विकायची बरी आहे!"

बाई गं. हे माझ्या तोंडून गेलं. सरकारांच्या डोळ्यांत मात्र काहीतरी चमकलं. कोटाची वरची गुंडी काढली त्यांनी. साडेसहाला काढायचे तशी.

मुलीने वहीतलं पान पुन्हा वाचलं, कडेची पेन्सिलही. मग बाकाकडे पाहिलं, फळी दाबून पाहिली. मग आमच्याकडे. वही मिटून माझ्या हातात दिली.

"दोघांचं म्हणणं जुळत नाही, म्हणजे हद्दीचा वाद. नियम आहे. वाद असला की नकाशावर रेषा तुटक काढायची. सुनावणी होईपर्यंत कोणी काही हलवायचं नाही. गटार नाही, काही नाही."

"सुनावणी कधी?" मी विचारलं.

"नंबर लागायला चार वर्षं तरी. खात्याचं माहीतच आहे तुम्हाला, काकू." मग खालच्या आवाजात, "तोवर त्या फळीला खिळा मारून घ्या. हलतेय."

मी सही केली. वादी म्हणून! सरकारांनी खाली केली, वेलांटीत वेलांटी अडकवून, जणू अर्धं गाव इनाम देतायत. आणि किल्ल्या घासायला निघून गेले.

एवढा वेळ वाद चालू होता आणि त्यांना किंचितही नवल वाटलेलं दिसलं नाही. माझ्या ते आत्ता लिहिताना लक्षात येतंय.

२५ फेब्रुवारी

साडेसहाला सरकार आले. हातोडी, दोन खिळे. फळी ठोकली. उभ्यानेच म्हणाले, "वहिनी, मोजणीदार दवाखान्यात मला म्हणाले होते, नवी मोजणी येणार. आमची ही खरं बोलल्याशिवाय राहायची नाही. तेव्हा खोटं तुम्ही बोला."

मी बाकावर जरा बाजूला झाले. बसले ते.

"जागा तुमची," मी म्हटलं.

"कागद दाखवा," सरकार म्हणाले.