अडतीस म्हणजे अडतीस

३ जून
आजपासून रोज लिहायचं. मोठी माणसं लिहितात. बंदरावरच्या क्रेनचा नवा प्रोग्रॅम माझ्याकडे आला. वारा मर्यादेच्या वर गेला की केबिनमध्ये अलार्म वाजणार, ड्रायव्हर काम थांबवून खाली उतरणार. एवढंच. डाव्या हाताचा मळ. क्रेनवर ड्रायव्हर माझा साडूच, म्हणजे घरचंच काम.

५ जून
टीममधली नवी मुलगी भारी चिकित्सक. म्हणे, एककांसाठी तयार लायब्ररी आहे. प्रत्येक आकड्याला त्याचं माप चिकटवून ठेवते, मीटरमध्ये किलो मिसळू देत नाही. मी म्हणालो, एककं माझ्या डोक्यात आहेत. तिने विचारलं, वाऱ्याची मर्यादा नुसती अडतीस लिहिलीय, अडतीस काय? मी म्हणालो, अडतीस म्हणजे अडतीस. सगळे हसले. हजरजबाबीपणा शिकवून येत नाही.

६ जून
बायकोचा मेसेज: भिंतीचा रंग, दोन आण. दोन लिटर की दोन डबे? फोन करून झापलं. लोक किती मोघम बोलतात!

९ जून
साहेबांनी आग्रह केला म्हणून लायब्ररी बसवली. स्क्रीन लालेलाल. म्हणे, सेन्सरचा आकडा सेकंदाला मीटर असा आहे आणि तुमचा अडतीस नुसताच, तुलना करणार नाही. आडमुठी! सेन्सरच्या आकड्याचंही एकक सोलून टाकलं. आता दोघेही नुसते. लगेच हिरवं.
नव्या मुलीची लांबलचक मेल आलीय. 'नॉट' असं काहीतरी दिसलं. सवडीने वाचतो.
संकल्प: उद्यापासून प्रत्येक आकड्याशेजारी कॉमेंट.

१०, ११ जून
कॉमेंट राहिल्या. पाठ धरली होती.

१४ जून
प्रोग्रॅम क्रेनवर चढला. जुना अलार्म ऊठसूट बोंबलायचा.

२० जून
नव्या अलार्मचा अजून चकार शब्द नाही! मॅनेजरने खांद्यावर हात ठेवला. शांतता हीच पावती.

२१ जून
साडू आणि मेव्हणी जेवायला. साडू म्हणाले, परवा केबिन अशी डुलत होती की हातातला चहा सांडला, तरी तुमचा अलार्म गप्प. मी समजावलं, भास माणसाला होतात, यंत्राला नाही. अलार्म वाजेपर्यंत बिनधास्त बसा. ते हसले. म्हणाले, तुम्ही म्हणताय तर बसतो. मेव्हणी हसली नाही. हात धुताना तिने हळूच विचारलं, नक्की ना? मी म्हणालो, शंभर टक्के.
नंतर जरा बरं वाटेना. जेवण जास्त झालं असणार.
संकल्प: ती मेल वाचायची.

२८ जून, दुपार
सकाळपासून वारा. ऑफिसच्या काचा थरथरतायत, खालच्या सगळ्या सायकली आडव्या. बाकीच्या क्रेन थांबल्यात, आपली एकटी चालू. यालाच कार्यक्षमता म्हणतात. स्क्रीनवर चोवीस, हिरवा दिवा. चोवीस अडतीसपेक्षा कमीच. साधं गणित आहे.
नवी मुलगी टेबलाशी येऊन नुसती उभी राहिली. तिला दाखवायला म्हणून मेल उघडली. क्रेनच्या मॅन्युअलमध्ये मर्यादा नॉटमध्ये आहे, जहाजवाल्यांच्या मापात. अडतीस नॉट म्हणजे सेकंदाला जेमतेम वीस मीटर. आणि सेन्सर मीटरमध्ये मोजतो.
वीस. आत्ता चोवीस आहे.
साडूंना फोन लावला, ओरडून सांगितलं, खाली या. वाऱ्यात त्यांचा आवाज फाटत होता. म्हणाले, अलार्म कुठे वाजलाय अजून? तुम्हीच म्हणालात ना. हातातला कंटेनर ठेवतो आणि येतो. फोन कट झाला.

२८ जून, संध्याकाळ
बंदराच्या गेटजवळच्या शेडमध्ये बसलोय. हात कशात तरी गुंतवायचे म्हणून लिहितोय. कंटेनर सुटला, मोकळ्या जागेत पडला. क्रेनचा लांब हात वाकलाय. साडू केबिनमध्येच आहेत. या वाऱ्यात शिडीवरून उतरता येत नाही, आणि कुणाला वर जाताही येत नाही. त्यांचा फोन लागत नाही. मला भीती वाटतेय.
मेव्हणी आली, माझ्या शेजारीच बसली. अलार्म का वाजला नाही, हे तिला अजून कुणी सांगितलेलं नाही. वारा उतरला की सोडवतील ना, म्हणाली. मग विचारलं, आत्ता किती आहे?
सव्वीस, मी म्हणालो.
सव्वीस काय, तिने विचारलं.
मीटर, सेकंदाला, असं मी नीट सांगितलं. तिने मान हलवली. वर केबिनचा दिवा अजून चालू आहे.