पहाऱ्यावरचा जावई

३ नोव्हेंबर
दीर जगबीर आज काठी घेऊन अंगणात आला. म्हणाला, भावाला जाऊन वर्ष झालं, तुला मूलबाळ नाही, शेत आमच्या नावावर कर. नाहीतर हात मोडून अंगठा लावून घेऊ. मी शांतपणे सांगितलं, ज्या गावात मी बत्तीस वर्षं हेडमास्तरीण होते, तिथं माझ्यावर हात उचलणारा अजून जन्मायचाय. त्याने म्हशीच्या डोक्यात काठी घातली. म्हैस संध्याकाळी गेली. मला मात्र हात लावला नाही. रिस्पेक्ट आहे.

७ नोव्हेंबर, सकाळी
जगबीरच्या दोन्ही मुलांनी विटा फेकल्या. खिडक्या गेल्या. थोरल्याची वीट माझ्या कपाळावर. तीन टाके. गोळाफेकीत जिल्ह्यात पहिला यायचा, शिकवलं मीच. ठाण्यात म्हणाले, घरचं भांडण घरात मिटवा. आता हायकोर्ट.

१२ नोव्हेंबर, चंडीगड
पोलीस संरक्षणाच्या अर्जाच्या प्रत्येक पानावर पूर्ण सही केली. गावातल्या दोनशे बायकांचा अंगठा सोडवून त्यांना सही शिकवणारी मी. शेवटी एक वाक्य स्वतः घातलं: पहारेकरी परका नको, गावची नाती जाणणारा हवा. वकीलबाई म्हणाल्या, हे काढा. मी काढलं नाही. गाव त्यांना काय कळणार?

२५ नोव्हेंबर
कोर्टाचा हुकूम झाला. माझं वाक्य तंतोतंत पाळलं गेलं. बिजेंदर नावाचा शिपाई आला, रायफलसकट. आमच्या खालच्या आळीतल्या सुनीताचा नवरा! एका घरचा जावई तो साऱ्या गावचा जावई. त्याला फाटकावर उभं कसं करणार? ओसरीवर खाट टाकली, चुरम्यावर तूप वाढलं. शेजारच्या पोरी चिडवून गेल्या, "भाऊजी, बंदूक चालते का, की हीसुद्धा सासऱ्याने दिली?" वातावरण खेळीमेळीचं. डिसिप्लिन उद्यापासून.

२८ नोव्हेंबर
बिजेंदरला रोज एका घरी जेवण. उद्या जगबीरकडे. मी नको म्हटलं. तो म्हणाला, "काकू, सासुरवाडीच्या ताटाला नाही कसं म्हणू?" बरोबरच आहे. शिवाय शत्रू ताटासमोर बसून नजरेखाली राहील. हे पोलिसांनाही सुचलं नसतं.

२ डिसेंबर, जिल्हा रुग्णालय
डाव्या हाताने लिहिते आहे. अक्षर दुसरीतल्या मुलासारखं.
जगबीर तिकडे खीर वाढत होता तेव्हा दोन्ही मुलं इकडे आली. लोखंडी पाइप. उजवा हात मनगटात आणि कोपरात मोडला. दोन बरगड्या. मी पडल्यावरही मारत होते. ओरडा ऐकून बिजेंदर उष्ट्या हाताने धावत आला, रायफल रोखली. धाकटा हसून म्हणाला, "भाऊजी, मेहुण्यावर गोळी घालणार?"
त्याने रायफल खाली केली.
तो तरी काय करणार? पण धावत आला, हे नोंदवायला हवं.

५ डिसेंबर
बिजेंदर आला. मान खाली. एक कागद आणला होता: पहारा समाधानकारक होता, यापुढे संरक्षणाची गरज नाही. हा मिळाला नाही तर नोकरी जाईल म्हणाला. सुनीताला सातवा महिना आहे. माझीच विद्यार्थिनी, गावची लेक. ठरवलं: आज हा कागद देते, हात बरा झाला की नवा अर्ज. या वेळी परका पहारेकरी मागणार.
डाव्या हाताने सही करू लागले. तो म्हणाला, सही जुळणार नाही. खिशातून शाईचा पॅड काढला. "काकू, अंगठा चालतो."
लावला. एवढ्यापुरताच.
पॅड त्याने उघडाच ठेवला. दाराकडे बघत म्हणाला, "जगबीरकाका बाहेर बसलेत. त्यांचाही एक कागद आहे."
मी ठामपणे सांगितलं, भेटीची वेळ संपली.
नर्स म्हणाली, सातपर्यंत असते.