नाथाचा फोटो

८ सप्टेंबर
पेणला उतरलो. गणपतींचं विसर्जन होऊन गेलेलं. मूर्तींचे कारखाने रिकामे, दारादारांत रंगाचे डबे उपडे. तिथून एसटीने रोह्याच्या अलीकडच्या वाडीत. निर्मात्याच्या माणसाने सीताबाईंची पडवी मिळवून दिली आहे. पूर्वी या घरात एका सिनेमाचं शूटिंग झालं होतं म्हणे. सीताबाई विधवा, मुलगी करिश्मा धाटावच्या कंपनीत शिफ्टला जाते. मी कोण, हे सांगताना माझं भाषणच झालं. सिनेमांत आधी रणांगणातलं प्रेत, वेटर, गर्दीतला आवाज, मग बिननावाचा संवादलेखक. आणि आता पहिल्यांदा पडद्यावर ‘पटकथा’पुढे माझं नाव! अट एकच, घटस्थापनेला संहिता घेऊन मी मुंबईत हजर राहायचं. करिश्मा म्हणाली, म्हंजे तुमी मरायचाच पगार घ्यायचात व्हय? पोट धरून हसलो. माझी वाट पाहणारं जगात कोणी नाही. इथे पहिल्याच दिवशी कुणीतरी गरम भाकरी वाढली.

९ सप्टेंबर
माजघरात हार घातलेला फोटो. माझा!
आठवलं. त्याच सिनेमात नायकाच्या मेलेल्या बापाचा फोटो हवा होता, म्हणून मिशी चिकटवून, टोपी घालून माझा काढला होता. तेवढीच भूमिका. शूटिंगवाले तो भिंतीवरच विसरले. त्याच पावसाळ्यात सीताबाईंचा नवरा नाथा कुंडलिकेच्या पुरात गेला, सापडला नाही. त्याचा एकही फोटो नव्हता. हाराचा फोटो काढून टाकवेना, म्हणून त्यालाच नाथा मानलं.
मी पेटलो. आयुष्यभर सभांतून खोट्या श्रद्धांवर आसूड ओढलेला माणूस मी. मेलेल्याला प्रतिमा लागत नाही, जिवंताला सत्य लागतं, असं बरंच बोललो. सीताबाईंनी सगळं ऐकलं आणि विचारलं, मंग त्येला ठेवू कुठं, भाऊ?
फोटोचा हार नीट करत म्हणालो, हा चेहरा मी तुम्हाला दिला. आजपासून हा नाथाचाच.

१२ सप्टेंबर
आज मला ताट वाढलं नाही. विचारलं, तर सीताबाई चुलीकडेच बघत राहिल्या. रागावल्या असतील.
करिश्मा शिफ्टवरून आली, माझी बॅग बघून म्हणाली, आये, त्यो लेखक न सांगताच गेला गो, पिशवी पन इसरला. मी समोर उभा होतो. ओरडलो. हजारोंच्या सभा या आवाजाने हलवल्या आहेत. तिने फक्त पंखा बंद केला, गार वाटतंय म्हणून.

१५ सप्टेंबर
एसटीला हात केला. थांबली नाही. पुढचीही नाही.
निर्मात्याला फोन लावला. तो हॅलो हॅलो करत राहिला. मग कुणाला तरी म्हणाला, लेखक गायब आहे, दुसऱ्याचं नाव टाका.
माझं नाव आहे ते! मी जिवंत आहे. हे सिद्ध करायला माणसाला साक्षीदार लागतात, हे कुठल्या पुस्तकात नव्हतं.

१८ सप्टेंबर
भूक. भाकरीला बोटं लागतात, भाकरी हलत नाही. पेन हलतं अजून. का, कळत नाही.
फोटोतला मी ताजा दिसतो.

२१ सप्टेंबर, सर्वपित्री
अंगणात पान मांडलंय. वडे, खीर, नाथाला आवडायची ती सुकट. कावळा शिवत नाही. सीताबाई हात जोडून— आवो, काय ऱ्हायलंय तुमचं? पोरीचं लगीन मी करीन. घ्या ना.
करिश्मा रडते. बाबा, घे रं.
माझ्यासाठी असं कोणी रडलं नाही. पडद्यावर एवढ्या वेळा मेलो, एकदाही नाही.
मी नाथा नाही. माझं नाव— नाव संहितेवर आहे, आत्ता आठवेल—
वड्याला हात लावला. हलला! गरम आहे. खाल्ला, तर नाथा जेवला. मी संपलो.
करिश्मा ओरडते, आये, बाबा आला गो, बघ!
दोघी माझ्याकडे बघतात. इतक्या दिवसांनी कोणीतरी—
अजून खाल्लेला नाही. ठेवून देता येईल. पण त्या हसताहेत, आणि मी जर आता हात मागे