धुक्याची धूळ

५ नोव्हेंबर
पोचलो एकदाचा. तीन दिवस रेल्वे, एक दिवस जीप. नाकुथांग म्हंजे डोंगराला चिकटलेली पन्नासेक घरं, एक बाजार आन खाली दरी. ह्या टोकालाबी आपल्या विट्याचा माणूस गलाईचं, म्हंजे सोनं गाळायचं दुकान टाकून बसलाय, बघून हसूच आलं. आप्पासो शेठनी पाठीवर थाप मारली, गरम भात-आमटी वाढली. बायकोला, सोनियाला फोन केला. तिला सातवा महिना हाय. बारशाला येणार म्हंजे येणार, शब्द दिलाय. ही वहीबी तिनंच दिली. म्हणाली, फोनवर तुमी नुसतं हूं हूं करता, रोज लिवून ठेवा, आल्यावर वाचीन. सातवी नापासाला चांगलं काम लावलं.

९ नोव्हेंबर
काम जमतंय. सोनारांकडनं जुन्या दागिन्यांची मोड येती, ती भट्टीत वितळवायची, तेजाबात घालायची, चोख सोनं करून द्यायचं. दुकानातला केर तर जिवापाड जपायचा. फरशीची धूळ, हात धुतलेलं पाणी, फाटकी चटईसुदिक. सगळं साठवून जाळलं की गुंजभर निघतंच. गलाईवाला केर टाकत न्हाई.
हितं मात्र एक गोष्ट उलटी. थंडीत दरीतल्या भेगांतनं पिवळं धुकं वर येतं म्हणं. ते गेलं की मागं पिवळी धूळ राहती. ती लगेच झाडून दरीत टाकायची. ठेवायची न्हाई, जाळायची तर न्हाईच. का म्हणून इचारलं, तर शेठ म्हणाले, हितली माणसं टाकत्यात, आपुनबी टाकायची.

१४ नोव्हेंबर
राजेश्वरीचं, म्हंजे शेठच्या पोरीचं लगीन हाय. शेठ होळीपतोर विट्याला गेले. जीपमधी बसताना परत तेच, "धनाजी, धुक्याची धूळ दरीत. इसरू नगंस गड्या." मी म्हणालो व्हय. मेंढरामागं फिरणाऱ्या हरिबाचं पोरगं, म्हंजे मी, आज दुकानाच्या गादीवर बसलंय. वडलांना फोटू पाठवला.

१९ नोव्हेंबर
सकाळी धुकं आलं. हळदीच्या दुधागत. वास न्हाई, गारवा न्हाई. तासाभरानं गेलं तर फरशी बारीक चमकत होती. शेजारची म्हातारी आपलं घर झाडत होती, मलाबी हातानं खुणावलं. मी झाडलं, पण डब्यात.
वीस वर्सं ह्या धंद्यात घालवून शेठ चमकणारी धूळ दरीत टाकंल? मला काय येडा समजतो? दोन गुंजा निघाल्या तरी बाळाच्या मनगट्यांना सुरुवात हुईल.

२२ नोव्हेंबर
आज परत धुकं आलं. डबा भरला. दार लावून सकाळी भट्टी लावली. धूर लय झाला, छातीत बसला. सोनं न्हाई, नुसती राख. धूर जावा म्हणून दार उघडलं, तर समोरचं झाड फुलांनी पांढरं झालेलं. सकाळी त्याला पानबी नव्हतं.
चार्जिंगला लावलेला मोबाईल बघितला. ११ फेब्रुवारी.
घरी फोन लावला. आईनं उचलला. आधी शिव्या घातल्या, मग रडायला लागली. पोरगी झाली. बारसं झालं. अंकिता नाव ठेवलं. मी सांगत होतो, आई, आत्ताच तर भट्टी लावली.

११ फेब्रुवारी, मोबाईल म्हणतोय म्हणून
उरलेली धूळ दरीत टाकली. तीनदा आंघोळ केली. पिशवी भरली. म्हातारी दारात उभी राहून बघत होती. मोडक्या हिंदीत म्हणाली, झाडूत आलेलं जातं, छातीत गेलेलं जात न्हाई.
जीपला अर्धा तास हाय. दोन घास खातो आन निघतो.

तारीख कळंना
पहिला घास — दारात उजेड, अंधार, उजेड. पापणी लवल्यागत. काहीतरी हिरवं समोर आलं, गेलं. मोबाईल बंद. भट्टीत कोळ्याची जाळी. कुणीतरी मुंगीगत भराभरा फिरतंय, बोललेलं ऐकूच येईना. वही उघडली तर खाली कुणीतरी लिवलंय —

धनाजी, मी आप्पासो. दोन वर्सं झाली. तुझा घास अजून तोंडापाशी पोचला न्हाई. चार गड्यांनी उचलून बघितलं, तू जागचा हालत न्हाईस. तुझी बायको पोरीला घेऊन आलेली. हिरव्या लुगड्यात चार दिवस तुझ्यापुढं बसून होती. तू मान वर केली न्हाईस. सांगितलं होतं रं गड्या.

—
उठतोय. दार पाच पावलांवर —
एक पाय —

बाबा, मी अंकिता. मी दुसरीत आहे. आम्ही दर वर्षी इथं येतो, तुम्ही लिहिता ते आई वाचते. तुमचा एक शब्द व्हायला दिवाळी येते.

—
सोनिया, मी येतो —

बाबा, आजी गेली. शेवटपर्यंत विचारत होती, धन्याची ओळ कुठवर आली. आईलाही आता दिसत नाही. मीच वाचून दाखवते. आता तुमच्या एकेका शब्दाला वर्षांमागून वर्षं जातात.

—
अंकिता, तुझं तोंड दिसंना, नुसता धूर. बस माझ्यापुढं. हालू नगंस —

बसले, बाबा.

—
दिसलं. पांढरं केस. आई? न्हाई, आई तर — अंकिता, तू एवढी म्हा