पुरस्कार मिळालेली ग्रामसभा खोटी ठरवून मिळणेबाबत

प्रति,
मा. गटविकास अधिकारी साहेब,
पंचायत समिती, बोरझरी,
जि. गोंदिया.

अर्जदार: वीरेंद्र सुकराम रहांगडाले, शिक्षण सातवी, धंदा धानशेती व नाटके लिहिणे, रा. मौजा हिरडाटोला.

विषय: 'काठावरची खुर्ची' या टीव्ही मालिकेत दाखवलेली ग्रामसभा खोटी होती हे मान्य करून आमच्या मामा (माजी मालगुजारी) तलावाचा भाडेपट्टा थांबवणेबाबत.

संदर्भ: १) माझे यापूर्वीचे तीन अर्ज. २) त्या तिन्हींना आलेले आपले एकच उत्तर, 'अर्जात तथ्य आढळून येत नाही.'

महोदय,

चौथ्यांदा लिहितो आहे. पहिल्या अर्जात 'कृपावंत' असा शब्द घातला होता. या वेळी घालत नाही.

१. मागल्या वर्षी ही मालिकावाली मंडळी आमच्या गावात आली. कथा राजकारणाची. एक आमदार गावाचा तलाव पर्यटन कंपनीच्या घशात घालतो, आणि गाव ग्रामसभेत हात वर करून त्याला मोकळे करते. हा ग्रामसभेचा प्रसंग आमच्याच ग्रामपंचायतीत, आमच्याच माणसांवर चित्रित झाला. त्यातले प्रत्येक वाक्य मी लिहिलेले आहे. मी झाडीपट्टीच्या रंगभूमीसाठी नाटके लिहितो. दर मंडईला, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेला, आमच्या गावात नाटक होते, त्यामुळे इथे घराघरात एखादा राजा, एखादा हवालदार, एखादी सवत सापडेल. अभिनय आम्हाला कोणी शिकवावा लागत नाही.

२. घोळ झाला तो असा. सरपंच चैतरामभाऊंना मालिकेतही सरपंचच केले होते. कॅमेरा लागला, पण गडी खुर्चीवर बसेना. म्हणे, "दवंडी नाही त सभा कायची? गाव हासंल ना बे!" दिग्दर्शकाला हे फार आवडले. मग कोतवाल रामलालने गावभर खरीखुरी दवंडी दिली. नाटक असो की सभा, दवंडीशिवाय आमचे गाव जागचे हलत नाही, आणि दवंडी झाली की घरी थांबत नाही. सगळे आले. चैतरामभाऊंनी सवयीने माणसे मोजली, गणपूर्ती झाली म्हणून जाहीर केले, आणि मगच बसले. त्यानंतर माझे संवाद झाले, आणि संवादात होते म्हणून सगळ्यांनी तलाव देण्यासाठी हात वर केले.

३. त्या प्रसंगात जमुनाबाई उभी राहून रडते आणि म्हणते, "देऊन टाका तलाव, पोरायले नोकऱ्या लागतीन." या रडण्यावर वर्तमानपत्रांत लेख आले. एका समीक्षकाने लिहिले की हे अश्रू म्हणजे ग्रामीण भारताचा पराभव आहे. मी तो लेख जमुनाबाईला वाचून दाखवला. ती म्हणाली, "पराभव कायचा बापू? थो डायरेक्टर सात-सात डाव तेच म्हणायले लावत होता, अना घरी म्हैस पान्हवून उभी होती. मी थ्या म्हशीसाठी रडून राहिली होती."

४. पुढे मालिकेला पुरस्कारांची रांग लागली. उत्कृष्ट मालिका, उत्कृष्ट दिग्दर्शन, आणखी कायकाय. समूह अभिनयासाठी आमच्या गावाचे नाव पुढे होते, ते परीक्षकांनी कापले. कारण दिले, 'येथे अभिनय नाहीच, हे निखळ वास्तव आहे.' त्याऐवजी मालिकेला वास्तवदर्शनाचा विशेष पुरस्कार दिला. संवादाच्या पुरस्काराबद्दल म्हणाले, हे संवाद कोणी लिहिलेले नाहीत, मातीतून उगवलेले आहेत. साहेब, मातीतून धान उगवते. संवादासाठी माणसाला बसावे लागते. पडद्यावर माझे नाव 'स्थानिक सहकार्य' या मथळ्याखाली, जनरेटरवाल्याच्या नंतर आहे. तेही मी गिळले असते.

५. पण मालिका गाजल्यावर एक खरी कंपनी आली. तिला आमचा खरा तलाव हवा आहे. काठावर हॉटेल, पाण्यात बोटी. ग्रामसभेची संमती म्हणून तिने मालिकेतला तोच प्रसंग आपल्या कार्यालयाला सादर केला आणि आपल्या कार्यालयाने तो घेतला. दवंडी झालेली दिसते, गणपूर्ती दिसते, अध्यक्षस्थानी सरपंच दिसतात, हात वर दिसतात. आणखी काय पाहिजे? मी धावत येऊन सांगितले की हे नाटक आहे. आपले बाबू म्हणाले, "दिल्ली-मुंबईचे मोठमोठे लोग असली बोल रहे, आणि तू सातवी पास नकली म्हणून राहिला?" मी माझ्या हातची संवादांची वही दाखवली. ती त्यांनी सभेचे इतिवृत्त समजून फाईलला लावली. पोचही दिली.

६. तलाव म्हणजे काय, हे एकदा स्पष्ट लिहितो. गणपतीनंतर पाऊस दडी मारतो तेव्हा धान पोटरीत, कणीस पोटात धरून असते. त्या वेळी तलावाचे पाट सोडले तर लोंबी भरते, नाही तर नुसता पेंढा, तणीस उरते. पाट सोडला की तलाव उतरतो. उतरलेल्या तलावात बोट चालत नाही. म्हणून कंपनीच्या करारात पहिलीच अट आहे की पाट बंद राहतील. गावाने याला कधीही होकार दिलेला नाही. तो होकार मी लिहिला होता, नाटकातल्या गावासाठी.

७. आता नवीनच दुखणे. परवा नळयोजनेची खरी ग्रामसभा झाली. ठराव वाचला, आणि एकाचाही हात वर गेला नाही. बाया पदरात हात गुंडाळून बसल्या. चैतरामभाऊ कळवळून म्हणाले, "अगा, पाणीच तं मागून राहिलो ना आपून!" वच्छलाबाई म्हणाली, "मंग तूच कर ना वरता हात. तुयाच दवंडीनं आमाले बुडवलन." ठराव पडला. म्हणजे खोटी सभा मंजूर आणि खरी नामंजूर. हे मी नाटकात लिहिले असते तर प्रेक्षकांनी खुर्च्या फेकल्या असत्या.

८. मी थकलो आहे, साहेब. खोटे लिहिणे हा माझा धंदा आहे आणि तो मी चोख करतो. माझे खोटे इतके खरे वाटले याचा आनंद मला एक दिवससुद्धा करता आला नाही. म्हणून मागतो ते एवढेच: आपण स्वतः हिरडाटोल्याला या, कॅमेरा न आणता. जमुनाबाईला समोर बसवून विचारा, तलाव देतेस का. ती जे म्हणेल ते लिहून घ्या. शिव्यांसकट.

९. येत्या रविवारी मालिकेच्या यशाबद्दल गावात जाहीर सत्कार ठेवला आहे. खर्च कंपनीचा, अध्यक्ष आपण. मलाही शाल आहे आणि बोलायला दोन मिनिटे आहेत. त्या दोन मिनिटांत मी हे सगळे गावासमोर आणि आपल्यासमोर सांगणार आहे, आगाऊ कळवून ठेवतो. लोक टाळ्या वाजवतील. त्या टाळ्यांची भाडेपट्ट्याला संमती म्हणून नोंद होऊ नये, ही विनंती.

आपला, आजपर्यंत तरी नम्र,

(सही)
वीरेंद्र सुकराम रहांगडाले
मौजा हिरडाटोला
दि. ११ नोव्हेंबर २०२५