पुढाऱ्यांची मिशी आणि माझं मौन

तीर्थरूप ताई,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार. तुझे गुडघे काय म्हणतात? भावोजींचा खोकला? इकडे सगळं क्षेम आहे (चौकातली दगडफेक, दुपारपासूनची संचारबंदी आणि माझी फुटलेली खिडकी सोडली तर).

एवढी धुमश्चक्री चालू असताना मी नेमकं काय चित्रित करतो, असं तू विचारलंस. अगं, दगड सगळेच टिपतात. मी दगड टाकून घरी आलेला माणूस टिपतो, म्हणजे तो हात कसा धुतो, झोपतो कसा. सध्या आमच्या खालच्या न्हावीकाकांच्या दुकानात, कोपऱ्यातल्या स्टुलावर कॅमेरा मांडलाय. नियम दोनच: कॅमेरा हलवायचा नाही आणि मी तोंड उघडायचं नाही. (दुसरा मला जमतो यावर आईचाही विश्वास बसलेला नाही.) भागात न्हावी एकच उरल्यामुळे दोन्ही पक्ष त्यांच्याच खुर्चीत मान टेकतात, सम तारखेला हे आणि विषम तारखेला ते. बाहेर एकमेकांची डोकी फोडायची आणि इथे येऊन त्याच डोक्यांवर तेल चोळून घ्यायचं!

परवा सम तारीख होती. पुढारी स्वतः आले. संध्याकाळी टीव्हीवर थेट भाषण, म्हणून मिशी कोरून हवी होती. ती मिशी म्हणजे पक्षाची शान, भिंतीभिंतीवर रंगवलेली. वस्तरा मिशीला टेकला आणि संचारबंदीचा भोंगा वाजला. काका दचकले, हात सटकला, उजवी बाजू फेसासकट साफ! काका पाठ फिरवून शटरकडे धावले, पुढाऱ्यांनी टॉवेलनं तोंड पुसलं आणि अंगरक्षकांनी त्यांना उचलून गाडीत घातलं. पाहिलं ते मी एकट्यानं. ‘साहेब, आरसा!’ अगदी जिभेवर आलं होतं. पण नियम म्हणजे नियम. खोटं कशाला बोलू, मनात मी उड्या मारत होतो.

स्टुडिओत त्यांना सांगायची कुणाची छाती झाली नाही. अर्ध्या मिशीनं ते पाऊण तास ‘दोन्ही बाजूंना समान न्याय’ यावर बोलले. संचारबंदीमुळे अख्खं शहर टीव्हीसमोर. ताई, रस्त्याच्या दोन्ही अंगांच्या खिडक्यांतून एकदम हसू फुटलं! वर्षभरात ही माणसं पहिल्यांदाच एका गोष्टीवर एकत्र आली. माझं पोट दुखेपर्यंत मी हसलो.

सकाळी काठ्या आल्या. म्हणे विरोधकांचा कट. “अहो, मिशी हातून गेली, मनातून नव्हे!” काका हात जोडून सांगत होते, तेवढ्यात विरोधक पुष्पगुच्छ घेऊन अभिनंदनाला हजर. दुष्काळात तेरावा महिना! मी घाईघाईनं माझं चित्रीकरण दाखवलं, भोंगा ऐकवला. तर काठीवाले म्हणाले, “म्हणजे शूटिंगचीही तयारी होती तर!” आरसा फोडला, खुर्ची मोडली. काकांना शहर सोडायला उद्या दुपारपर्यंतची मुदत आहे. तीस वर्षांचं दुकान, ताई. मी एक शब्द बोललो असतो तर ते वाचलं असतं. फार लाज वाटते.

तुझा,
नको तिथे गप्प बसलेला भाऊ

ता. क. हे पत्र टपालानं आलेलं नाही, हे तुझ्या ध्यानात आलं असेलच. ज्यांनी ते तुझ्या हातात दिलं आणि जे अजून पेटी घेऊन दारात अवघडून उभे आहेत, तेच काका. त्यांना आत घे. तुझी मागची खोली रिकामी आहे.

आणखी एक. भावोजींची दाढी ते फुकट करतील, नाही म्हणू नकोस, त्यांना बरं वाटेल. फक्त तेवढा वेळ कुकर लावू नकोस. आणि काही विपरीत दिसलंच, तर माझ्यासारखी बघत बसू नकोस. ओरड.